बाई, बुद्धिबळावर पोट भरतं का?

जुलै २०२५ पासून या सदराला येणाऱ्या पत्रांची चाल ठरून गेली आहे. पहिल्या ओळीत दिव्या देशमुख, दुसऱ्या ओळीत आपलं पोर, तिसऱ्या ओळीत पैसा. गुकेश जगज्जेता झाला तेव्हाही पत्रं आली होती, पण नागपूरची पोर महिला विश्वचषक जिंकली म्हटल्यावर सोलापूरच्या आयांना ते एकदम घरचं वाटलं. त्यातली पाच पत्रं घेते. ज्यांची राहिली त्यांनी रागावू नये. मोबाईलवर कुठलं ॲप घ्यावं, या प्रश्नाला मी उत्तर देत नाही, हे जुन्या वाचकांना माहीत आहे.

मुलगी नऊ वर्षांची आहे. शोकेसमध्ये ट्रॉफ्या ठेवायला जागा उरली नाही. क्लासचे सर म्हणतात, गुकेशनं चौथीनंतर शाळा सोडली, तुम्हीही शाळा बाहेरून करा आणि हिला पूर्णवेळ बुद्धिबळात घाला. दिव्याच्या आईवडिलांनीही असंच केलं असेल ना? आम्ही दोघं नोकरी करतो. (एक आई, जुळे सोलापूर)

ताई, आधी ट्रॉफ्यांचं बोलू. रविवारी मंगल कार्यालयात स्पर्धा भरते. सात, नऊ, अकरा, तेरा वर्षांखालचे गट, प्रत्येक गटात पहिले दहा, मग सर्वोत्कृष्ट मुलगी, मग सर्वांत लहान खेळाडू, आणि जे उरले त्यांना पदक. अशा ठिकाणी मी पंच म्हणून उभी असते. कधीकधी शेवटचा राउंड लवकर उरकतो आणि बक्षीस समारंभच लांबतो. आयोजकांचं चुकतं असं नाही. फी भरलेल्या बापाला पोरगं रिकाम्या हातानं घरी न्यायचं नसतं. पण त्यावरून पोरीची ताकद कळत नाही. तुमच्या पत्रात ट्रॉफ्यांची यादी आहे, कुठली कुठल्या स्पर्धेत मिळाली तेही आहे, रेटिंगचा, म्हणजे खेळाडूची ताकद मोजणाऱ्या आकड्याचा, मात्र उल्लेख नाही. फिडेचं, म्हणजे जागतिक बुद्धिबळ महासंघाचं, रेटिंग मार्च २०२४ पासून १४०० पासून सुरू होतं. रेटिंग असलेल्या खेळाडूंशी निदान पाच डाव झाल्याशिवाय ते मिळतच नाही. आधी ते मिळवा. लहान मुलांच्या गटात नको, सगळ्या वयांच्या खुल्या रेटिंग स्पर्धेत. तिथं समोर पोस्टातले काका बसतील, इंजिनीअरिंगचा पोरगा बसेल, आणि कुणी 'लहान आहे' म्हणून सोडणार नाही.

आता दिव्या. बातम्यांनी तिची गोष्ट शेवटाकडून सांगितली. जॉर्जियातल्या बाटुमीला जुलैमध्ये महिला विश्वचषकाची अंतिम फेरी, समोर कोनेरू हंपी, दोन्ही मोठे डाव बरोबरीत, मग जलद डावांच्या टायब्रेकमध्ये विजय, आणि त्याच क्षणी ग्रँडमास्टर, भारताची ८८वी. हंपी ग्रँडमास्टर झाली २००२ मध्ये, तेव्हा दिव्या जन्मलीही नव्हती. हे सगळं खरं. पण सुरुवातीकडून वाचा. २०१२ ला सात वर्षांखालची राष्ट्रीय विजेती. २०१४ ला डर्बनमध्ये दहा वर्षांखालची जगज्जेती, २०१७ ला ब्राझीलमध्ये बारा वर्षांखालची. २०२१ ला महिला ग्रँडमास्टर (तो ग्रँडमास्टरहून वेगळा, खालचा किताब), २०२३ ला इंटरनॅशनल मास्टर (ग्रँडमास्टरच्या एक पायरी खाली). २०२४ ला गांधीनगरमध्ये ज्युनिअर मुलींची जगज्जेती, त्याच वर्षी बुडापेस्टच्या ऑलिंपियाडमध्ये, म्हणजे देशांच्या संघांच्या स्पर्धेत, तिसऱ्या पटावर अकरापैकी साडेनऊ गुण आणि वैयक्तिक सुवर्ण. एवढं करूनही बाटुमीला गेली तेव्हा तिच्या खात्यावर ग्रँडमास्टरचा एकही नॉर्म नव्हता (नॉर्म म्हणजे किताबासाठीची कसोटी, पुढच्या पत्रात सांगते). तेरा वर्षांचं काम आहे हे, आणि त्यात दोन-चार वर्षं अशीही असणार जी कुठल्या बातमीत आली नाहीत.

दिव्याचे आईवडील दोघंही डॉक्टर. गुकेशचे वडील कान-नाक-घशाचे सर्जन, आई सूक्ष्मजीवशास्त्रज्ञ. अर्जुन एरिगैसीचे वडील मेंदूचे सर्जन. ही यादी लक्षात ठेवा. गुकेशनं चौथीनंतर नियमित शाळा सोडली हे तुमच्या सरांनी बरोबर सांगितलं, पण त्याच्या वडिलांनी प्रॅक्टिस बाजूला ठेवली आणि त्याच्याबरोबर देशोदेशी हिंडले, घर आईच्या पगारावर चाललं, हेही सांगायला हवं होतं. पूर्णवेळ पोर घालायचं म्हणजे घरातलं एक मोठं माणूसही पूर्णवेळ घालायचं. आपल्याकडे ते माणूस कोण असतं हे मी सांगायला नको. नोकरी आईच सोडते. म्हणून सरांना 'मुलीत गुण आहेत का' असं विचारू नका. तुमच्या दोघांत नोकरी कोण सोडणार आणि किती वर्षं, याचं उत्तर आधी घरात काढा.

सगळ्यांच्या घरी डॉक्टर लागतो असंही नाही. प्रज्ञानंद आणि वैशाली, जगातली पहिली बहीण-भाऊ ग्रँडमास्टर जोडी. त्यांचे वडील सहकारी बँकेत. मीही बँकेतच जन्म काढला, त्यामुळे तो पगार मला कळतो. स्पर्धेला आई बरोबर असते. २०२३ च्या विश्वचषकात प्रज्ञानंद अंतिम फेरीपर्यंत गेला, त्या स्पर्धेत बाजूला उभ्या आईचा फोटो सगळ्यांनी पाहिला.

नऊ वर्षांच्या मुलीला शाळेतून काढू नका, हे माझं स्पष्ट मत. एक बघा. खुल्या स्पर्धेत हरल्यावर ती आधी मोबाईल मागते, की स्कोअरशीट काढून 'इथं उंट नको होता खेळायला' म्हणते? दुसरं होत असेल तर मला पुन्हा लिहा.

एकदा ग्रँडमास्टर झालं की ते कायम राहतं का? आणि नॉर्म म्हणजे नक्की काय? (अक्कलकोट)

किताब जन्मभराचा. रेटिंग घसरून २३०० वर आलं तरी नावापुढचा किताब कुणी काढून घेत नाही.

नॉर्म म्हणजे एका स्पर्धेतली कसोटी. निदान नऊ डाव, त्यांत कामगिरी २६०० च्या तोडीची, समोरच्यांत निदान तीन ग्रँडमास्टर, आणि प्रतिस्पर्धी वेगवेगळ्या देशांचे. असे नॉर्म सत्तावीस डावांचे भरले आणि रेटिंगनं कधीतरी २५०० ला हात लावला की काम झालं. वेगवेगळ्या देशांचे खेळाडू ही अट साधी दिसते, पैसा तीच खाते. पूर्वी त्यासाठी हंगेरी, सर्बिया, स्पेन असं महिना महिना पडून राहावं लागे. आता दिल्ली-चेन्नईला परदेशी खेळाडू येतात, त्यामुळे तिकीट थोडं स्वस्त झालं आहे. दिव्यासारखं एकच स्पर्धा जिंकून थेट किताब मिळणं ही फार थोड्या स्पर्धांची सोय आहे, तिच्यावर हिशोब बांधू नये.

वडील यंत्रमागावर आहेत, आई विड्या करते. मी बी.कॉम.ला आहे, रेटिंग १९००. आमच्या घरात तेलुगू बोलतात. अर्जुन वरंगळचा म्हणून आजोबांना त्याचं भारी कौतुक. ते म्हणतात खेळ, बाबा म्हणतात पोट कसं भरणार. (एक विद्यार्थी, विडी घरकुल)

आजोबांना सांग, कौतुक रास्त आहे. अर्जुन चौदाव्या वर्षी ग्रँडमास्टर झाला आणि डिसेंबर २०२४ च्या रेटिंग यादीत २८०० च्या वर गेला. आनंदनंतर तिथं पोचलेला तो पहिला भारतीय. आता बाबांचं ऐक, कारण प्रश्न त्यांचाच खरा आहे.

वरचे आकडे डोळे दिपवणारे आहेत. सिंगापूरला २०२४ च्या जगज्जेतेपदाच्या लढतीत एकूण २५ लाख डॉलर होते. जिंकलेल्या प्रत्येक डावाला दोन लाख, उरलेले दोघांत सारखे. गुकेशनं तीन डाव जिंकले, म्हणजे साडेतेरा लाख डॉलर. आता लगेच बाटुमीकडे ये. महिला विश्वचषकाच्या विजेतीला ५० हजार डॉलर. महाराष्ट्र सरकारनं दिव्याला तीन कोटी रुपये दिले, ते स्पर्धेच्या बक्षिसाच्या कितीतरी पट भरतात. जगातली इतकी मोठी स्पर्धा जिंकून ही तऱ्हा, तर खालच्या पायरीवर काय असेल याचा अंदाज तू कॉमर्सचा आहेस, तूच कर.

खुल्या स्पर्धेत ग्रँडमास्टरला आयोजक राहणं-जेवण देतात, नाव मोठं असेल तर वर मानधन. इंटरनॅशनल मास्टरला कधी मिळतं, कधी नाही. बाकी सगळे स्वतःच्या खर्चानं येतात. रोख बक्षिसं पहिल्या काहीजणांना, मग रेटिंगच्या गटवार बक्षिसं. या गटांसाठी मुद्दाम डाव हरून रेटिंग खाली ठेवणारे महाभाग असतात. मला ते पटावर बसल्या बसल्या ओळखू येतात, पण पंचाला संशयावर काही करता येत नाही. तू त्या वाटेला जाऊ नकोस.

मग हे लोक जगतात कसे? एक, नोकरी. पेट्रोलियम कंपन्या आणि रेल्वे यांनी बुद्धिबळपटूंना वर्षानुवर्षं पोसलं. हंपी ओएनजीसीत आहे. महाराष्ट्रात सरकारी भरतीत खेळाडूंना पाच टक्के आरक्षण आहे, पण त्यासाठी कुठल्या पातळीवर कितवा नंबर हे बघतात. जिल्ह्यातलं प्रमाणपत्र तिथं चालत नाही, आणि जाहिरात निघेपर्यंत वाट बघायची तयारी लागते. दोन, परदेशी लीग. जर्मनीच्या बुंडेसलीगामध्ये क्लबकडून खेळायचे पैसे मिळतात, पण तो दरवाजा २५०० च्या वरच्यांना उघडतो. तीन, शिकवणं. खरी भाकरी इथंच आहे. महिनाभर खेळून जेवढं मिळत नाही तेवढं ग्रँडमास्टर आठवड्याभरात संगणकासमोर बसून अमेरिकेतल्या पोरांना शिकवून मिळवतो. मग खेळायला वेळ उरत नाही आणि रेटिंग उतरतं. बहुतेक व्यावसायिक खेळाडू या ओढाताणीतच असतात. ज्याला ती टाळता येते त्याच्यामागे बाप, कंपनी किंवा सरकार उभं असतं.

तुझ्यासाठी माझा सल्ला रोखठोक आहे. बी.कॉम. पूर्ण कर. संध्याकाळी घरकुलातल्या लहान पोरांना शिकव, फी घेऊन शिकव, फुकट नको. तू तेलुगूत शिकवशील हे मोठं भांडवल आहे. तिथल्या कितीतरी घरांत पोर मराठीत लाजतं. त्या पैशातून वर्षाला चांगल्या दोन रेटिंग स्पर्धा कर, पुण्यात असेल तर सकाळची हुतात्मा एक्स्प्रेस आहेच. २२०० गाठलंस तर कँडिडेट मास्टर, २३०० ला फिडे मास्टर. तेवढ्यावर वडिलांचा माग सुटणार नाही, पण शिकवणीची फी वाढते. किताब असलेला मास्तर आणि नसलेला मास्तर यांत पालक फरक करतात.

मी निवृत्त शिक्षक. आमच्या वेळी प्यादं एकच घर चालायचं. सध्या सगळे चेन्नई-चेन्नई करतात. महाराष्ट्रातल्या जुन्या माणसांची नावं कुणी घेतं का? (पंढरपूर)

गुरुजी, नमस्कार. हे पत्र वाचून बरं वाटलं. घेते नावं.

राष्ट्रीय स्पर्धा पहिल्यांदा झाली १९५५ मध्ये, आंध्रातल्या एलुरूला. त्या पहिल्या स्पर्धेच्या संयुक्त विजेत्यांत आपले रामचंद्र सप्रे होते, डी. वेंकय्या यांच्या बरोबरीनं.

महिलांची राष्ट्रीय स्पर्धा १९७४ ला सुरू झाली आणि पहिली विजेती वासंती खाडिलकर. त्यानंतरची जवळपास दहा वर्षं ती ढाल खाडिलकरांच्या घरातच फिरली. वासंती, जयश्री, रोहिणी, तिघी बहिणी, 'नवाकाळ'कार नीळकंठ खाडिलकरांच्या मुली. १९७६ मध्ये रोहिणी पुरुषांच्या राष्ट्रीय स्पर्धेत खेळायला बसली. वय तेरा. त्यावर गदारोळ झाला, प्रकरण उच्च न्यायालयात गेलं, आणि तेव्हाचे फिडेचे अध्यक्ष मॅक्स यूव यांनी निर्णय दिला की बाईला बाई म्हणून स्पर्धेतून अडवता येणार नाही. आज दिव्या, वैशाली खुल्या गटात पुरुषांसमोर बसतात तेव्हा कुणाच्या भुवया उंचावत नाहीत, त्यामागे ही मुंबईची शाळकरी पोर आहे. १९८१ ला आशियाई महिला अजिंक्यपद पहिल्यांदा झालं, तेही रोहिणीनंच जिंकलं. आम्ही त्या काळात खेळणाऱ्या मुली पेपरातून तिचे फोटो कापून ठेवायचो. ती आमच्याहून लहान होती आणि तरी आम्ही तिला मनातल्या मनात अहोजाहो करायचो.

मग सांगली. नूतन बुद्धिबळ मंडळ आणि भाऊसाहेब पडसलगीकर. तालमीत पोरं घडवावीत तशी त्यांनी खेळाडू घडवले. तिथल्या भाग्यश्री साठे पाच वेळा राष्ट्रीय विजेत्या झाल्या, १९९१ मध्ये आशियाई विजेत्या. स्पर्धेच्या निमित्तानं सांगलीला गेल्यावर त्यांच्या पटामागे उभं राहून डाव बघायला मिळे. मला आठवतात ते त्यांचे हात. दोन्ही मांडीवर, चाल ठरेपर्यंत पटाकडे येत नसत. माझ्या क्लासमधली पोरं सोंगटीला हात लावून मग विचार करतात.

त्यांचं लग्न प्रवीण ठिपसे यांच्याशी झालं. ठिपसे सात वेळा राष्ट्रीय विजेते, आणि महाराष्ट्राचे पहिले ग्रँडमास्टर. पण किताब मिळाला १९९७ मध्ये, चाळिशीला टेकताना. आनंद १९८८ ला पहिला, दिव्येंदू बरुआ १९९१ ला दुसरे, ठिपसे तिसरे. नऊ वर्षांत आख्ख्या देशात तीन. आता बारा-तेरा वर्षांची पोरं ग्रँडमास्टर होतात म्हणून त्या किताबाला कुणी हलकं म्हणू नये. तेव्हा संगणक नव्हता, परदेशी मासिक आलं तर हातोहात फिरायचं, आणि परक्या चलनासाठी अर्ज करावे लागायचे.

पुण्याचा अभिजित कुंटे २००० साली ग्रँडमास्टर झाला. आज त्याचं मोठं काम खुर्चीवर बसून चाललेलं आहे: २०२२ ला चेन्नईच्या ऑलिंपियाडमध्ये महिला संघाला कांस्य मिळालं, २०२४ ला बुडापेस्टला सुवर्ण, दोन्ही वेळा कर्णधार तोच. आणि गुरुजी, बुडापेस्टला पुरुषांनाही सुवर्ण मिळालं, त्या संघात नाशिकचा विदित गुजराथी होता. त्यानं २०२३ ची ग्रँड स्विस स्पर्धा जिंकली, म्हणून पुढच्या वर्षी टोरांटोच्या कँडिडेट्समध्ये, म्हणजे जगज्जेत्याचा आव्हानवीर ठरवणाऱ्या स्पर्धेत, गेला आणि तिथं अमेरिकेच्या नाकामुराला दोन्ही डावांत हरवलं. नाशिक, अमरावतीचा स्वप्नील धोपाडे, अहिल्यानगरचा शार्दूल गागरे, नागपूरचे रौनक साधवानी आणि संकल्प गुप्ता. मुंबई-पुण्याबाहेरचीच किती नावं झाली बघा. चेन्नईचं कौतुक करायलाच हवं. शाळेच्या वेळापत्रकापासून सरकारी तिजोरीपर्यंत सगळं त्यांनी खेळामागे लावलं. पण आपलं दुकानही रिकामं नाही.

एकच घर चालणाऱ्या प्याद्याबद्दल: ते गेलं ते बरं झालं. डाव सुरू व्हायलाच तासभर लागायचा.

मी बारावीत, वय १७, रेटिंग १७५०. ग्रँडमास्टर व्हायचं आहे. उशीर झालाय का? आई म्हणते, 'पोरगं दिवसभर मोबाईलवर बुद्धिबळच खेळालंय, अभ्यास कुठंय?' (बार्शी)

उशीर झालाय. ग्रँडमास्टरसाठी झालाय, खेळासाठी नाही. अपवाद होतात, पण मी अपवादाच्या भरवशावर तुला बारावी बुडवायला सांगणार नाही.

एक तांत्रिक गोष्ट मात्र तुझ्या फायद्याची आहे. ज्या सालात तुला अठरा पूर्ण होतील ते साल संपेपर्यंत, २३०० च्या खाली, तुझ्या रेटिंगचा गुणक ४० आहे. नंतर तो २० होतो. म्हणजे आज एक चांगला विजय जेवढं रेटिंग देतो त्याच्या निम्मंच पुढे मिळेल. परीक्षा झाल्यावरची सुट्टी मोबाईलवर घालवू नकोस, लांब वेळेच्या स्पर्धांत घाल. मोबाईलवरचे एक-एक मिनिटाचे डाव आईच्या दृष्टीनं वाईट आहेत आणि माझ्याही. त्यांत बोट शिकतं, डोकं नाही. रोज एक डाव, अर्ध्या तासाच्या घड्याळाचा, आणि नंतर तो संगणकाचं इंजिन न लावता स्वतः तपासायचा. एंडगेम, म्हणजे डावाचा शेवटचा टप्पा, कच्चा असणार तुझा. १७५० वाल्यांचा असतोच. हत्ती-प्याद्यांपासून सुरुवात कर.

आणि या खेळात पटासमोर बसण्याखेरीजही कामं आहेत. चेन्नईचे आर. बी. रमेश स्वतः ग्रँडमास्टर, २००२ चे ब्रिटिश विजेते. त्यांनी नोकरी सोडली, खेळणं मागे टाकलं आणि शिकवायला लागले. प्रज्ञानंद आणि वैशाली त्यांच्या हाताखालून आले. मुंबईचा सागर शहा चार्टर्ड अकाउंटंट, इंटरनॅशनल मास्टर, आणि आज बुद्धिबळाची पत्रकारिता करतो. हजारो पोरांना खेळाची गोडी त्याच्या व्हिडिओंतून लागली. तिसरा रस्ता माझा, पंचाचा. राज्य पातळीची परीक्षा, मग राष्ट्रीय, मग वरिष्ठ राष्ट्रीय, पुढे फिडेचं प्रशिक्षण आणि नॉर्म. मानधन फार नाही, पण राहणं-जेवण असतं, गावोगाव हिंडायला मिळतं, आणि सगळ्यांत चांगले डाव सगळ्यांत जवळून दिसतात. नियमांचं पुस्तक पाठ असणारी तरुण पोरं आपल्या जिल्ह्यात कमी आहेत. घड्याळावरची वेळ संपली की दोन पालक भांडायला येतात आणि पंच इकडेतिकडे बघतो, असं मी पाहिलंय. बारावीची परीक्षा होऊ दे. मग पंचांची पुढची परीक्षा कधी आहे ते जिल्हा संघटनेकडे विचार, आणि अर्ज भरताना वयाचा दाखला सोबत जोड, तो राहिला म्हणून अर्ज परत येतात.